डॉ. अलेक्झांडर गिब्सन : सह्याद्रीच्या वनांचे पहिले संरक्षक

लोणावळ्याहून पुण्याकडे येणारी लोकल गाडी खडकीच्या अलीकडे दापोडी स्थानकात थांबते. मुळा आणि पवना या नद्यांच्या संगमाजवळचे हे गाव आज पिंपरी-चिंचवडच्या गजबजाटात विरून गेले आहे. कारखाने, वसाहती आणि उड्डाणपूल यांच्या गर्दीत वावरणाऱ्यांपैकी फार थोड्यांना ठाऊक असेल, की एकोणिसाव्या शतकाच्या मध्याला येथे सरकारी वनस्पती उद्यान होते आणि त्याचे अधीक्षक असलेले एक स्कॉटिश डॉक्टर पुढे मुंबई इलाख्याचे पहिले वनसंरक्षक झाले. त्यांचे नाव डॉ. अलेक्झांडर गिब्सन. डोंगरावरचे जंगल आणि पायथ्याच्या गावचे पाणी यांचा संबंध असतो, ही गोष्ट या प्रांतातील सरकारला कागदोपत्री सांगणाऱ्या पहिल्या काही अधिकाऱ्यांत त्यांची गणना होते. पर्यावरणशास्त्र हा शब्द तेव्हा जन्मालाही आला नव्हता.

गिब्सन यांचे चरित्र केवळ एका वनस्पतीप्रेमी साहेबाची कथा म्हणून वाचले तर अपुरे वाटेल. त्यांनी इशारा दिला, सरकारने तो ऐकला आणि एक खाते स्थापन झाले. मात्र इशारा ज्या कारणासाठी दिला होता आणि खाते ज्या कारणासाठी चालले, त्यांत अंतर पडत गेले. महाराष्ट्रातील डोंगरपट्ट्यांत राहणाऱ्या माणसांनी त्या अंतराची किंमत पुढे अनेक पिढ्या मोजली.

कंपनीचा डॉक्टर

गिब्सन यांचा जन्म १८०० साली स्कॉटलंडच्या ईशान्य भागातील लॉरेन्सकर्क या गावी झाला. वैद्यकाचे शिक्षण त्यांनी एडिंबरा येथे घेतले. त्या काळी वैद्यकाच्या विद्यार्थ्याला वनस्पतिशास्त्र शिकावेच लागे, कारण औषधे बहुतांशी झाडपाल्याचीच असत. कोणती मुळी कोणत्या रोगावर, ती कोठे उगवते, तिच्यासारखी दिसणारी विषारी वनस्पती कोणती, हे ओळखता येणे हा डॉक्टरकीचाच भाग होता. ईस्ट इंडिया कंपनीच्या चाकरीत हिंदुस्थानात आलेल्या अनेक डॉक्टरांनी येथील वनस्पतींचा अभ्यास केला, त्यामागे हे साधे कारण आहे. रॉक्सबर्ग, वाईट, क्लेगहॉर्न आणि गिब्सन ही सारी नावे याच परंपरेतली.

१८२५ साली कंपनीच्या वैद्यकीय सेवेत साहाय्यक शल्यचिकित्सक म्हणून गिब्सन दाखल झाले. मुंबई इलाख्यात आल्यावर त्यांनी देशी भाषा आत्मसात केल्या. पुढे दख्खन आणि खानदेश या भागांत देवी टोचण्याच्या कामावर त्यांची नेमणूक झाली. हे काम दवाखान्यात बसून होणारे नव्हते. गावोगाव हिंडायचे, पाटील-कुलकर्ण्यांशी बोलायचे, आयांची समजूत घालून मुलांना टोचायचे आणि पुढच्या गावाला निघायचे, असा तो क्रम होता. कोणत्या डोंगरावर झाडी उरली आहे, कोठे नुकतीच तोड झाली आहे, कोणता ओढा कितव्या महिन्यापर्यंत वाहतो, याची नोंद घेण्याची संधी अशा फिरतीत आपोआप मिळते. पुढे वनांविषयी लिहिताना गिब्सन ज्या अधिकाराने लिहीत, त्याचा पाया या पायपिटीत घातला गेला असावा.

दापोडीचे उद्यान

१८३८ मध्ये गिब्सन दापोडीच्या वनस्पती उद्यानाचे अधीक्षक झाले. या जागेला आधीचा इतिहास होता. उत्तर पेशवाईत कॅप्टन फोर्ड या इंग्रज अधिकाऱ्याच्या हाताखाली पेशव्यांची एक कवायती पलटण दापोडीस असे. ५ नोव्हेंबर १८१७ रोजी खडकीच्या लढाईत ही पलटण इंग्रजांना जाऊन मिळाली. फोर्ड यांचा बंगला पुढे गव्हर्नर सर जॉन माल्कम यांच्या कारकीर्दीत, १८२८ साली, सरकारने विकत घेतला. पावसाळ्यात गव्हर्नरांचा मुक्काम तेथे असे आणि भोवतालच्या जमिनीवर वनस्पती उद्यान उभे राहिले.

उद्यान म्हटले की शोभेची फुलझाडे आणि फिरायच्या वाटा डोळ्यांपुढे येतात. दापोडीचे उद्यान निराळ्या धर्तीचे होते. सरकारी दवाखान्यांना आणि पलटणींना लागणारी औषधे विलायतेहून मागवावी लागत. ती महाग पडत आणि समुद्रप्रवासात त्यांचा कसही कमी होई. सोनामुखी, कवंडळ, खुरासनी ओवा यांसारख्या औषधी वनस्पती येथेच लावून त्यांचे अर्क तयार केले तर खर्च वाचेल, हा त्यामागचा हिशेब होता. या कामासाठी जुन्नर भागात नारायणगावाजवळ हिवरे येथे दुसरी बागही होती. गिब्सन यांच्या देखरेखीखाली या दोन्ही ठिकाणी औषधांचे उत्पादन चाले, बाहेरून आलेल्या झाडांची व पिकांची लागवड करून पाहिली जाई आणि रोपे व बियाणे अन्यत्र पाठवली जात.

याच उद्यानाने एक कलात्मक ठेवाही मागे ठेवला आहे. १८४७ ते १८५० या काळात गिब्सन यांनी एका हिंदी-पोर्तुगीज चित्रकाराकडून उद्यानातील आणि परिसरातील वनस्पतींची रंगीत चित्रे काढून घेतली. पानांच्या शिरा, फुलांचे भाग आणि बिया बारकाईने दाखवणारी ही दीडशेहून अधिक चित्रे आज एडिंबरा येथील शाही वनस्पती उद्यानाच्या संग्रहात आहेत. वनस्पतिशास्त्रज्ञ हेन्री नोल्टी यांनी त्यांवर लिहिलेला ग्रंथ २००२ मध्ये प्रसिद्ध झाला आणि दापोडीचे नाव जगभरच्या अभ्यासकांपुढे पुन्हा आले. ज्या चित्रकाराच्या हातून हे काम झाले त्याचे नाव मात्र इतिहासाने जपले नाही. चित्रे काढवून घेणाऱ्याचे नाव राहिले आणि काढणाऱ्याचे पुसले गेले, ही त्या काळाची रीतच होती.

रानांचे जुने कायदे

गिब्सन यांनी वनांचा प्रश्न हाती घेतला तेव्हा सह्याद्रीचे जंगल कोणाच्याच देखरेखीखाली नव्हते असे नाही. मराठी राज्यात लाकडाची किंमत पुरेपूर ओळखलेली होती. रामचंद्रपंत अमात्यांच्या आज्ञापत्रात आरमाराच्या प्रकरणी झाडांविषयीचे प्रसिद्ध विवेचन आहे. आरमाराला सागवानासारखे लाकूड लागते, ते हुजूर परवानगीने तोडावे, पण रयतेच्या आंबा-फणसांना तिच्या संमतीवाचून हात लावू नये, कारण अशी झाडे वाढायला दीर्घ काळ लागतो आणि रयतेने ती लेकरांप्रमाणे वाढवलेली असतात, असा त्याचा आशय आहे. कुलाब्याच्या आंग्र्यांनीही आपल्या आरमारासाठी सागाची राने राखली होती.

१८१८ मध्ये पेशवाई बुडाल्यानंतर हे धागे तुटले. मुंबईच्या गोदीत वाडिया घराण्यातील कारागीर सागवानाची जहाजे बांधत होते आणि त्यांच्या कामाची कीर्ती इंग्लंडच्या नौदलापर्यंत पोचली होती. १८१७ साली मुंबईत बांधलेले ‘ट्रिंकोमाली’ हे सागवानी जहाज आजही इंग्लंडमध्ये पाण्यावर तरंगते आहे. एवढ्या लाकडाचा पुरवठा मुख्यतः मलबारातून होई. तेथे १८०६ मध्ये कॅप्टन वॉटसन यांना वनसंरक्षक नेमून सरकारने सागाची मक्तेदारी स्थापन केली. व्यापारी आणि जमीनधारक दोघेही तिच्यावर नाराज झाले आणि १८२३ मध्ये ते पदच रद्द झाले. त्यानंतर वीस-पंचवीस वर्षे पश्चिम किनाऱ्यावरील तोडीला फारसा धरबंध उरला नाही. शेतसारा वाढावा म्हणून जास्तीत जास्त जमीन लागवडीखाली आणण्याकडे महसूल अधिकाऱ्यांचा कल होता. त्यांच्या दृष्टीने झाडी म्हणजे न वसूल झालेला सारा.

डोंगर उघडे पडले तेव्हा

१८४० च्या दशकात गिब्सन यांनी सरकारकडे वनांच्या स्थितीबद्दल अहवाल आणि पत्रे पाठवण्यास प्रारंभ केला. त्यांच्या म्हणण्याला दोन बाजू होत्या. पहिली बाजू सरकारला सहज कळण्यासारखी होती. या गतीने तोड चालली तर गोदीला, तोफखान्याला आणि इमारतींना लागणारे सागवान संपेल. दुसरी बाजू अधिक मूलगामी होती. कोकणातील डोंगर उघडे पडल्यावर पायथ्याचे झरे आटतात, पावसाचे पाणी मुरण्याऐवजी एकदम वाहून जाते, उतारावरची माती नदीत उतरते आणि शेवटी खाड्या गाळाने भरून बंदरे निकामी होतात, अशी कार्यकारणाची साखळी त्यांनी मांडली. जंगलतोडीमुळे हवा अधिक कोरडी व उष्ण होते आणि पावसावरही परिणाम होतो, असेही त्यांचे मत होते.

कोकणाची रचना ज्यांनी पाहिली आहे त्यांना या मांडणीतले मर्म चटकन ध्यानात येईल. सह्याद्रीचा कडा आणि समुद्र यांच्यातील अंतर जेमतेम पन्नास-साठ किलोमीटर. पाऊस वर्षाकाठी अडीच-तीन हजार मिलीमीटर आणि तोही मुख्यतः चार महिन्यांत. नद्या आखूड, वेगवान. अशा प्रदेशात उतारावरची माती धरून ठेवणारी मुळे गेली, तर ती माती समुद्राला भेटायला फार वेळ लागत नाही. एकेकाळी मोठी गलबते राजापूरच्या धक्क्यापर्यंत येत. गाळ साचत गेल्याने ती पुढे खूप अलीकडेच थांबू लागली. बंदराचा ऱ्हास आणि त्याच्या डोक्यावरचा बोडका डोंगर या दोन गोष्टी एकाच दृष्टीत पाहणे, हे गिब्सन यांच्या बुद्धीचे वैशिष्ट्य होते.

२२ मार्च १८४७ रोजी मुंबई इलाख्यात वन खाते अस्तित्वात आले आणि गिब्सन त्याचे पहिले वनसंरक्षक झाले. मद्रास इलाख्यात क्लेगहॉर्न यांची नेमणूक १८५६ मध्ये झाली आणि साऱ्या हिंदुस्थानसाठी वनांचे महानिरीक्षक म्हणून डीट्रिख ब्रँडिस आले ते १८६४ मध्ये. म्हणजे या बाबतीत मुंबई इलाखा इतर प्रांतांच्या बराच पुढे होता.

दोन इशारे

गिब्सन यांचे विचार एकाकी नव्हते. विख्यात प्रवासी शास्त्रज्ञ अलेक्झांडर फॉन हुम्बोल्ट यांनी १८०० साली दक्षिण अमेरिकेतील व्हॅलेन्सिया सरोवराचे पाणी ओसरत असल्याचे पाहून त्याचा संबंध भोवतालच्या जंगलतोडीशी जोडला होता. मद्रास इलाख्यातील एडवर्ड बाल्फोर या डॉक्टरांनी झाडे आणि हवामान यांच्या संबंधावर टिपणे लिहिली होती. १८४७ मध्ये लंडनच्या संचालक मंडळाने या विषयावर हिंदुस्थानातील अधिकाऱ्यांकडून माहिती मागवली. १८५० मध्ये ब्रिटिश असोसिएशन या विज्ञानसंस्थेच्या एडिंबरा अधिवेशनात उष्ण कटिबंधातील जंगलांच्या नाशाची चौकशी करण्यासाठी क्लेगहॉर्न प्रभृतींची समिती नेमली गेली. तिचा अहवाल पुढच्या वर्षी सादर झाला. पश्चिम हिंदुस्थानातील स्थितीसाठी त्यात गिब्सन यांच्या निरीक्षणांचा आधार घेण्यात आला. सह्याद्रीच्या घाटवाटांत केलेल्या नोंदी अशा रीतीने जागतिक चर्चेचा भाग बनल्या.

याच वर्षांत कलकत्त्यात हेन्री पिडिंग्टन नावाचे गृहस्थ समुद्रावरील वादळांचा पिच्छा पुरवत होते. जहाजांच्या नोंदवह्या जमवून, कोणत्या घटकेला कोठे कोणता वारा होता हे नकाशावर मांडून, ही वादळे वर्तुळाकार फिरतात हे त्यांनी दाखवले आणि १८४८ मध्ये त्यांना ‘सायक्लोन’ हे नाव दिले. आपण ज्याला चक्रीवादळ म्हणतो त्या शब्दाचे हे मूळ. १ नोव्हेंबर १८५४ रोजी अशाच एका वादळाने मुंबईला तडाखा दिला. बंदरातील गलबतांचा चक्काचूर झाला आणि सुमारे एक हजार माणसे प्राणास मुकली.

पिडिंग्टन आणि गिब्सन यांची तुलना उद्बोधक आहे. दोघेही कंपनी सरकारच्या राज्यात काम करणारे, दोघांचीही पद्धत विखुरलेल्या नोंदी एकत्र करून त्यांतून नियम शोधण्याची. पिडिंग्टन यांनी १८५३ मध्ये गव्हर्नर जनरल डलहौसी यांना लिहिले, की कलकत्त्याच्या दक्षिणेला मातला नदीवर जे नवे बंदर बांधण्याचा बेत आहे ते एक दिवस वादळाच्या लाटेत बुडेल. बंदर तरीही बांधले गेले. पिडिंग्टन १८५८ मध्ये वारले आणि १८६७ च्या वादळाने ते बंदर उद्ध्वस्त केले. गिब्सन यांच्या इशाऱ्याची अशी उपेक्षा झाली नाही. याचे कारण त्यांचा युक्तिवाद अधिक बिनतोड होता हे नव्हे. त्यांच्या इशाऱ्यात झऱ्यांबरोबर सागवानही होते आणि सागवानाची सरकारला गरज होती.

वनसंरक्षकाची तेरा वर्षे

१८४७ ते १८६० अशी तेरा वर्षे गिब्सन यांनी या पदावर काढली. खाते लहान, मनुष्यबळ तुटपुंजे आणि क्षेत्र अफाट. कोकण, ठाणे, खानदेश, गुजरातेचा दक्षिण भाग, खाली बेळगाव-धारवाडपर्यंतची राने त्यांच्या कक्षेत येत. डांगच्या भिल्ल राजांकडून सागाची जंगले सरकारने १८४० च्या दशकाच्या आरंभी भाडेपट्ट्याने घेतली होती, तीही याच व्यवस्थेत आली. कोरड्या हंगामात दौरे करायचे, कोणत्या रानात कोणती झाडे किती वाढली आहेत ते पाहायचे, तोडीचे परवाने आणि लाकडाच्या नाक्यांवरील वसुली यांचा बंदोबस्त करायचा आणि पावसाळ्यात अहवाल लिहायचे, असे हे काम होते. महसूल खात्याला लागवड वाढवायची होती, लाकूड व्यापाऱ्यांना परवाने हवे होते आणि गावकऱ्यांना सरपण, गवत व राब. या तिन्हींच्या मध्ये नव्या खात्याला जागा करावी लागली.

त्यातच १६ एप्रिल १८५३ रोजी बोरीबंदर ते ठाणे अशी पहिली आगगाडी धावली. रुळांखाली घालायच्या लाकडी फळ्यांची, म्हणजे स्लीपरांची, मागणी एकाएकी वाढली. भोर घाटाचा मार्ग १८६३ मध्ये पुरा झाला. जहाजांसाठी राखलेली राने आता रेल्वेच्या तोंडी जाऊ लागली. संरक्षणासाठी स्थापलेल्या खात्याकडून लाकूड पुरवण्याची अपेक्षा वाढत गेली, ती तेव्हापासून.

गिब्सन यांच्या कारकीर्दीचा वादग्रस्त भाग आहे तो डोंगरी शेतीविषयीच्या धोरणाचा. उतारावरची झाडी तोडून, जाळून, तिच्या राखेत नाचणी-वरी पेरायची, दोन-तीन वर्षांनी ती जागा सोडून दुसरीकडे जायचे आणि सोडलेल्या जागी पुन्हा रान वाढू द्यायचे, ही पद्धत दक्षिणेकडे कुमरी म्हणून आणि उत्तर कोकणात दळी म्हणून ओळखली जाई. कातकरी, ठाकूर, वारली, महादेव कोळी अशा अनेक समाजांचे पोट तिच्यावर चाले. त्या काळच्या बहुतेक वनाधिकाऱ्यांप्रमाणे गिब्सन यांनाही ही शेती जंगलाची शत्रू वाटे आणि तिच्यावर निर्बंध घालण्याचा त्यांचा आग्रह होता.

आजच्या अभ्यासकांचे मत इतके एकतर्फी नाही. लोकवस्ती विरळ आणि रान पुष्कळ असेल, सोडलेल्या जमिनीला पुरेशी वर्षे विश्रांती मिळत असेल, तर अशा शेतीनंतर जंगल पुन्हा भरून येते. विश्रांतीचा काळ आखडला की मात्र माती उघडी पडते. तो काळ आखडण्याचे एक कारण म्हणजे सरकारने आणि व्यापाऱ्यांनी व्यापलेली राने. उरलेल्या तुकड्यांवर तेवढ्याच माणसांचा भार पडला आणि दोष मात्र कुऱ्हाड हाती असलेल्या शेवटच्या माणसाला लागला. गिब्सन यांच्यासारख्या चौकस निरीक्षकालाही हा भेद पुरता दिसला नाही.

ग्रंथ आणि निवृत्ती

१८६० मध्ये गिब्सन निवृत्त होऊन स्कॉटलंडला परतले. त्यांच्या जागी निकोल अलेक्झांडर डाल्झेल वनसंरक्षक झाले. या दोघांच्या नावावर १८६१ साली ‘बॉम्बे फ्लोरा’ हा ग्रंथ मुंबईत प्रसिद्ध झाला. मुंबई इलाख्यात आपोआप उगवणाऱ्या वनस्पतींचे शास्त्रीय वर्णन एकत्र देणारा हा आरंभीचा महत्त्वाचा ग्रंथ. पुढे थिओडोर कुक यांनी विसाव्या शतकाच्या प्रारंभी अधिक विस्तृत ग्रंथ सिद्ध केला, तरी डाल्झेल-गिब्सन यांचा उल्लेख टाळून पश्चिम घाटातील वनस्पतींचा इतिहास आजही लिहिता येत नाही. डाल्झेल यांनी १८६३ मध्ये जंगलांच्या परिणामांविषयी एक पुस्तिका लिहून आपल्या पूर्वसुरींचाच विषय पुढे नेला.

गिब्सन १८६७ मध्ये स्कॉटलंडमध्ये निवर्तले. आयुष्यातील उमेदीची पस्तीस वर्षे त्यांनी या भूमीत घालवली होती. त्यांनी गोळा केलेले वनस्पतींचे नमुने विलायतेतील संग्रहांत आहेत आणि सह्याद्रीत पावसाळ्यात फुलणाऱ्या हाबेनारिया वर्गातील एका जमिनीवरच्या आमरीच्या शास्त्रीय नावात गिब्सन हे नाव आहे.

खाते वाढले, हक्क आटले

गिब्सन यांच्या पश्चात घटनांनी वेग घेतला. १८६५ मध्ये हिंदुस्थानचा पहिला वन कायदा झाला. १८७८ च्या कायद्याने राखीव आणि संरक्षित जंगलांची वर्गवारी करून सरकारचा ताबा पक्का केला. या कायद्याच्या मसुद्याला पुण्याच्या सार्वजनिक सभेने विरोध केला होता. खेड्यांचे परंपरागत हक्क काढून घेण्यापेक्षा गावकऱ्यांना विश्वासात घेतले तर जंगल अधिक चांगले राखले जाईल, अशी सभेची भूमिका होती. महात्मा जोतीराव फुले यांनी १८८३ च्या ‘शेतकऱ्याचा असूड’मध्ये वन खात्यावर कठोर टीका केली. गायराने आणि डोंगर खात्याच्या घशात गेल्याने गरीब शेतकऱ्याच्या जनावरांना चरायला जागा उरली नाही, हा त्यांचा आक्षेप होता. ठाणे आणि कुलाबा जिल्ह्यांत भाताच्या रोपांसाठी फांद्या तोडून राब जाळण्यावर बंधने आली, तेव्हा असंतोष एवढा वाढला की सरकारला चौकशी आयोग नेमावा लागला. त्याचा अहवाल १८८७ मध्ये आला.

या साऱ्याचे खापर गिब्सन यांच्या माथी फोडणे अन्यायाचे होईल. १८७८ च्या कायद्याआधी अकरा वर्षे ते वारले होते. तथापि त्यांनी मांडलेला विचार आणि त्यांनी उभारलेले खाते यांची फारकत येथे स्पष्ट दिसते. पाणी, माती आणि खाड्या यांच्या रक्षणासाठी जंगल हवे, हा विचार खरे तर पायथ्याच्या शेतकऱ्याच्या हिताचा होता. खात्याच्या हिशेबवहीत मात्र झऱ्याला रकाना नव्हता, घनफुटांना होता. जे मोजता आले तेवढेच राखले गेले आणि ज्यांच्यासाठी राखायचे त्यांनाच रानाबाहेर काढले गेले. वनहक्क कायदा संमत झाला तो २००६ मध्ये. २००९ साली गडचिरोली जिल्ह्यातील मेंढा-लेखा या गावाला सामूहिक वनहक्क मिळाला, तेव्हा गिब्सन यांच्या नेमणुकीला १६२ वर्षे उलटली होती.

त्यांचे कोठे खरे ठरले

गिब्सन यांच्या मतांचे आजच्या विज्ञानात काय स्थान आहे, हे पाहणे अगत्याचे आहे. झाडी तोडल्याने पाऊस कमी होतो, हे विधान त्यांच्या काळी जेवढ्या ठामपणे केले जाई तेवढ्या ठामपणे आज केले जात नाही. सह्याद्रीवरचा पाऊस मुख्यतः अरबी समुद्रावरून येणाऱ्या वाऱ्यांमुळे आणि त्यांच्या वाटेत उभ्या असलेल्या डोंगरामुळे पडतो. महाबळेश्वरला वर्षाकाठी पाच हजार मिलीमीटरांहून अधिक पाऊस होतो आणि पूर्वेला काही कोसांवरील वाईला त्याच्या पाचव्या हिश्शाहूनही कमी. हा फरक झाडांनी घडवलेला नाही. मात्र झाडे जमिनीतले पाणी पानांवाटे हवेत सोडतात आणि ती वाफ पुन्हा पावसात सामील होते, हे सिद्ध झालेले आहे. पावसाळ्याच्या उत्तरार्धात या परत येणाऱ्या पाण्याचे महत्त्व वाढते, असे अलीकडच्या संशोधनातून पुढे आले आहे.

त्यांच्या मांडणीचा दुसरा भाग मात्र काळाच्या कसोटीवर टिकला. जंगलाखालच्या भुसभुशीत, पालापाचोळ्याने झाकलेल्या मातीत पाणी मुरते. उघड्या, तुडवलेल्या मातीवरून ते वाहून जाते आणि जाताना मातीही नेते. झऱ्याचे आयुष्य, पुराचा वेग आणि खाडीतला गाळ या तिन्हींवर त्याचा परिणाम होतो. ३० जुलै २०१४ रोजी आंबेगाव तालुक्यातील माळीण गावावर डोंगर कोसळला आणि दीडशेवर माणसे गाडली गेली. १९ जुलै २०२३ रोजी रायगड जिल्ह्यातील इर्शाळवाडीवर तसाच प्रसंग ओढवला. अशा दुर्घटनांना अतिवृष्टी, उताराचा तीव्रपणा, खडकाची झीज अशी अनेक कारणे असतात आणि केवळ वृक्षतोडीकडे बोट दाखवून चालत नाही. परंतु डोंगराच्या माथ्यावर काय चालले आहे याची विचारपूस पायथ्याच्या गावासाठी करायची असते, हे सूत्र दर वेळी नव्याने आठवावे लागते.

३ जून २०२० रोजी ‘निसर्ग’ चक्रीवादळ श्रीवर्धनजवळ किनाऱ्यावर आले आणि कोकणातील नारळी-पोफळीच्या बागा आडव्या झाल्या. वादळ कोठे येणार हे आता उपग्रहांमुळे काही दिवस आधी समजते, ही पिडिंग्टन यांच्या शास्त्राची प्रगती. कोणता उतार उघडा पडला आहे आणि तेथे मोठा पाऊस झाला तर काय होईल, हे मात्र आजही एखाद्याला पायी हिंडूनच पाहावे लागते.

वऱ्हाडचा संदर्भ

गिब्सन यांची सत्ता वऱ्हाडात चालत नव्हती. १८५३ पर्यंत हा प्रदेश निजामाच्या ताब्यात होता आणि पुढेही त्याचा कारभार मुंबई इलाख्यापासून वेगळा राहिला. तरी त्यांनी घालून दिलेला धडा येथे लागू पडत नाही असे नाही. बुलडाणा जिल्ह्यातील सिंदखेडराजा तालुक्यात साखरखेर्डा आहे. १७२४ मध्ये निजामुल्मुल्क आणि मुबारिझखान यांच्यात येथे झालेल्या लढाईमुळे हे गाव इतिहासात गाजले. या भागाला कोकणाच्या तुलनेत पाऊस फारच कमी, खाड्या आणि बंदरे तर नाहीतच. पण पाऊस थोडा असतो तेथे तो मुरवण्याची निकड अधिक असते. पठाराच्या कडेची टेकडी बोडकी झाली, की पहिल्या मोठ्या सरीत काळी माती ओढ्यात जाते आणि उन्हाळ्यात विहिरीचा तळ दिसतो. गिब्सन यांनी राजापूरच्या खाडीसाठी जे सांगितले तेच येथे विहिरीसाठी खरे आहे.

दापोडीची मालमत्ता सरकारने १८६५ च्या सुमारास विकली. गव्हर्नरांसाठी गणेशखिंडीत नवा प्रासाद उभा राहत होता. तोच आज सावित्रीबाई फुले पुणे विद्यापीठाची मुख्य इमारत आहे. वनस्पती उद्यानही पुढे गणेशखिंडीला हलवण्यात आले. जुने वृक्ष सांभाळून असलेल्या गणेशखिंड उद्यानाला २०२० मध्ये राज्य शासनाने जैवविविधता वारसा स्थळाचा दर्जा दिला. पुण्याच्या मध्यवस्तीत उरलेल्या त्या झाडीचा पूर्वज दापोडीला होता. तेथून एक डॉक्टर दर हिवाळ्यात घाटांकडे निघे आणि आटलेल्या झऱ्यांचा हिशेब लिहून सरकारला पाठवी, याची आठवण त्या वारसा स्थळाबरोबर जपली जावी.